वाकळ, भिंत आणि मागणी: सीमाभागात लोकांसोबत कलेचं काम कसं सुरू करावं

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, हल्याळ या पट्ट्यात चित्रकला शिकलेली, नाटकात काम केलेली किंवा नुसतीच हाताला कला असलेली बरीच मुलं-मुली आहेत. आजूबाजूचा अन्याय त्यांना दिसतो आणि आपल्या कलेचा त्यासाठी काही उपयोग व्हावा असं त्यांना मनापासून वाटतं. पण घोडं अडतं ते सुरुवातीपाशी. एकट्यानं पोस्टर काढणं सोपं असतं. ज्यांचा प्रश्न आहे त्यांच्यासोबत बसून काही घडवायचं म्हटलं की कुठून हात घालावा ते कळत नाही. हा लेख त्यांच्यासाठी आहे.

मिळून काही घडवणं आपल्याकडं नवं नाही. दिवाळीत बेळगावच्या गल्लीगल्लीत मुलं किल्ले उभारतात, तेव्हा माती कोण आणतो, तटबंदी कोण लिंपतो आणि बुरूज कुणाच्या मनासारखा होतो यावर आठवडाभर वाद चालतो. शिवजयंतीच्या चित्ररथांवर सजीव देखावे उभे राहतात, त्यामागे अख्खं मंडळ रात्री जागवतं. दुपारच्या उन्हात अंगणात चार बायका वाकळ, म्हणजे गोधडी, शिवत बसतात. कानडी घरांत त्याच कामाला कौदी म्हणतात. ही सगळी सामूहिक कलाच आहे आणि नवख्यानं आपलं शिक्षण तिथून सुरू करावं. आपल्या कामात फरक एवढाच, की घडवलेल्या वस्तूमागे एक तक्रार असते, आणि तक्रारीमागे एक मागणी.

आधी माणसं, मग विषय

बहुतेक नवखे विषय घेऊन वस्तीत जातात. ‘मला विडी कामगारांवर काहीतरी करायचंय’ असं ठरवूनच निघतात. ही वाट सोडा. कुठल्या वस्तीशी, कुठल्या कामगारांशी किंवा कुठल्या गावाशी तुमचा आधीपासून काही धागा आहे ते बघा. आजोळ असेल, शाळा असेल, तुमच्या घरी धुणीभांडी करणाऱ्या मावशींची गल्ली असेल. तिथं जा, आणि पहिले काही आठवडे वही-कॅमेरा न काढता जा.

तिथं आधीपासून कोण लढतंय याची विचारपूस करा. सीमाभागात चळवळीची परंपरा फार मोठी आहे. डॉ. आंबेडकर 1925 साली निपाणीला परिषदेसाठी आले होते. तंबाखू उत्पादकांचं 1981 चं आंदोलन निपाणीतच झालं. विडी कामगार आणि देवदासी बायकांच्या हक्कांसाठीही याच गावात वर्षानुवर्षं संघटना उभ्या राहिल्या. अशा ठिकाणी ‘मी जागृती करायला आलोय’ हा सूर चालत नाही. तिथल्या साठीच्या एखाद्या अक्कानं तुमच्या जन्माआधी मोर्चे काढलेले असतात. तिच्याकडं शिकायला जा.

एक कसोटी सांगते. तुमच्या कामाची कल्पना त्या लोकांच्या संघटनेपुढं, बचत गटापुढं किंवा गल्लीतल्या जाणत्यांपुढं मांडा. त्यांनी नको म्हटलं तर काम तिथंच थांबवायची तुमची तयारी आहे का? नसेल, तर ते काम तुमचं एकट्याचं आहे. एकट्याचं काम करायलाही हरकत नाही, फक्त त्याला ‘लोकांचं’ म्हणू नका.

कुणाकडून काय शिकावं

चार कामांची माहिती करून घेतली तर पुढचे निर्णय सोपे जातात.

नवज्योत अल्ताफ या मुंबईच्या चित्रकार छत्तीसगडमधल्या कोंडागावला गेल्या आणि तिथल्या आदिवासी कलावंतांसोबत त्यांनी वर्षानुवर्षं काम केलं. त्यातलं ‘नळपार’ मला सर्वांत जवळचं वाटतं. गावातल्या हातपंपांभोवतीची जागा त्यांनी मिळून नव्यानं बांधली. पाणी भरायला येणाऱ्या बायका-मुलींना घागर डोक्यावर घेताना कमी वाकावं लागावं, टेकवायला जागा असावी, सांडपाणी नीट वाहून जावं, याचा विचार त्या शिल्पातच होता. नक्षी होती आणि पाठीला आरामही होता. आपल्या सार्वजनिक नळकोंडाळ्यांकडं या नजरेनं एकदा बघा.

दुसरं काम अमेरिकेतलं. ज्युडी बाका यांनी लॉस एंजेलिसमधल्या पूर-कालव्याच्या भिंतीवर कॅलिफोर्नियाचा दडवलेला इतिहास रंगवून घेतला. 1976 ते 1983 या काळातल्या पाच उन्हाळ्यांत चारशेहून अधिक तरुणांनी मिळून सुमारे अर्धा मैल लांबीचं चित्र केलं. त्यातली कित्येक मुलं पोलीस-कोर्टाच्या फेऱ्यांत अडकलेली होती. त्यांना कामाचा मोबदला मिळत होता, हे विसरू नका.

बंगळुरूमध्ये जस्मीन पाथेजा यांनी 2003 साली रस्त्यावरच्या छेडछाडीविरुद्ध ‘ब्लँक नॉइज’ सुरू केलं. छेडछाड झाली त्या वेळी अंगावर जे कपडे होते ते बायका स्वतः आणून देतात, आणि त्या साध्या कपड्यांतूनच ‘तूच असे कपडे घातले असशील’ या आरोपाला उत्तर मिळतं. त्याच शहरात 2016 पासून ‘अरवानी आर्ट प्रोजेक्ट’मध्ये ट्रान्सजेंडर बायका भिंती रंगवताहेत. ज्या रस्त्यावर लोक त्यांच्याकडं बघून तोंड फिरवतात, त्याच रस्त्यावर त्या परांचीवर उभ्या असतात.

या कामांत कलावंताचं कसब कुठं कमी पडलेलं नाही. काय दाखवायचं हे मात्र एकट्या कलावंतानं ठरवलेलं नाही.

माध्यम हाताला ओळखीचं हवं

नवख्याला पहिल्यांदा भिंतच सुचते. भिंत दिसते मोठी, फोटो छान येतो. पण परांचीवर चढून ब्रश धरायला गल्लीतली तरुण मुलंच पुढं येतात, आणि साठीच्या मावशी खाली चहा करत राहतात. ज्यांचा प्रश्न आहे त्यांच्या हाताला काय येतं यावरून माध्यम निवडा. खानापूरला कुंभारकामाची परंपरा आहे, खादी ग्रामोद्योगाची मातीकाम शिकवणारी संस्थाही तिथंच आहे. तिथं मातीच्या फरशा करून त्या जोडता येतील. बेळगावच्या वडगाव, शहापूर, खासबागेत मागावरची माणसं आहेत, त्यांना सूत आणि रंग तुमच्यापेक्षा जास्त कळतात. हल्याळ-यल्लापूरकडच्या सिद्दी बायकांची कवंदी, म्हणजे त्यांची वाकळ, बघायला मिळाली तर जरूर बघा. त्या कडेनं शिवायला सुरुवात करून गोल फिरत मध्यापर्यंत येतात आणि कोपऱ्यांना दुमडलेल्या कापडाची ‘फुलं’ लावतात. फुलं नसतील तर ती पुरी झाली असं मानत नाहीत.

पहिल्या कामासाठी माझा कौल वाकळीला. कापड घरात असतं, परवानगी लागत नाही, पावसाळ्यातही काम चालतं, आणि घडी करून ती मोर्चात, तहसीलदार कचेरीत, शाळेत कुठंही नेता येते. एड्सनं गेलेल्यांच्या आठवणीची जी प्रचंड गोधडी अमेरिकेत 1987 साली वॉशिंग्टनला पहिल्यांदा मांडली गेली, तिचा एकेक तुकडा 3 फूट बाय 6 फूट होता, एका कबरीएवढा. असे 1,920 तुकडे त्या दिवशी हिरवळीवर अंथरले होते. तुकडा प्रत्येकाचा वेगळा, पण माप एकच, म्हणून ते सगळं एकत्र येऊ शकलं. म्हणून माप आधी ठरवायचं आणि मगच कापडाला कात्री लावायची.

वेळ कधीची धरावी

पंचांग बघण्याआधी शेत बघा. खानापूर पट्ट्यात जुलैत रोप लावणीचा चिखल असतो, तेव्हा कुणाला बोलावू नका. भाताची कापणी-मळणी दिवाळीनंतर चालते. उसाचा हंगाम हिवाळाभर. चिकोडी-अथणीकडं नदीकाठच्या गावांनी 2019 च्या ऑगस्टमध्ये केवढा पूर सोसला हे सगळ्यांना आठवतं. तिथं पावसाळ्यात लोकांचं अर्धं लक्ष पाण्याच्या पातळीवर असतं. फेब्रुवारी ते एप्रिल हा काळ त्यातल्या त्यात मोकळा, मात्र मार्चमध्ये परीक्षा आणि पुढं गावोगावच्या यात्रा येतात.

सीमाभागाचं म्हणून एक वेगळं कॅलेंडर आहे. 1 नोव्हेंबर (कर्नाटकाचा राज्योत्सव, मराठी माणसांचा काळा दिवस) आणि 17 जानेवारी (हुतात्मा दिन) यांच्या आसपास, किंवा बेळगावच्या सुवर्ण विधानसौधमध्ये विधिमंडळाचं अधिवेशन चालू असताना उद्घाटन ठेवू नका. बंदोबस्त कडक असतो, परवानगी रखडते. शिवाय पाण्याच्या किंवा मजुरीच्या प्रश्नावरचं तुमचं काम लोक भाषेच्या वादातलं एक पाऊल म्हणून बघतील. मराठीचा प्रश्न इथं खरा आहे आणि जिव्हाळ्याचा आहे. पण विडी वळणाऱ्या मराठी, कानडी आणि मुसलमान बायका एकाच ठेकेदारापुढं सूप घेऊन बसतात. त्यांची एकी तुमच्या तारखेमुळं मोडू नये.

पहिल्या बैठका

इथं घाई केली तर पुढचं सगळं बिघडतं, म्हणून जरा सविस्तर सांगते.

निपाणीतल्या विडी कामगार बायकांचं उदाहरण धरू. दिवसभरात हजाराच्या आसपास विड्या वळल्या तरच दिवसाची मजुरी पदरात पडते. दोन तास बैठकीला बसायचं म्हणजे तेवढी मजुरी बुडवायची. तेव्हा पहिल्या बैठकांना त्यांना सूप घेऊनच येऊ द्या. भिजवलेलं तेंदूपान कात्रीनं कापणं, चिमूटभर तंबाखू भरणं, वळणं, दोरा गुंडाळणं, तोंड दुमडणं, हे सगळं नजर वर ठेवून चालतं. हात कामात असले की बोलणंही मोकळं होतं.

‘तुमच्या समस्या सांगा’ असं विचारू नका. तसं विचारलं की भाषण मिळतं. एक वस्तू आणायला सांगा: कामाशी किंवा त्रासाशी जोडलेली, घरातली, लहानशी. एक बाई जुनी कात्री आणेल, एक औषधाची चिठ्ठी, एक मुलीच्या शाळेचा दाखला. मग त्या वस्तूची गोष्ट ऐका.

अशाच एका बैठकीत एका मावशींनी दोन मुठी पुढं केल्या. एकीत नीट वळलेल्या विड्या, दुसरीत ठेकेदारानं बाजूला काढलेल्या. म्हणाल्या, “सुपातल्या चांगल्या विड्या सगळ्यास्नी दिसत्यात बाई. ही छाट कुणाला दिसत न्हाई. हिचं पैसं कापत्यात, आणि इड्या काय परत देत न्हाईत.” मी त्या वेळी मनात सुपाचं सुंदर चित्र रचत होते. चर्चा होऊन वाकळीच्या मधोमध छाटेचा ढीग घ्यायचं ठरलं, आणि तो सुपाहून मोठा काढायचं ठरलं. कुठल्याही कलावंताला एकट्यानं बसून ते सुचलं नसतं.

प्रत्येक बैठकीच्या शेवटी काय ठरलं ते मोठ्यानं, मराठीत आणि कानडीत, पुन्हा सांगा. वहीत लिहा आणि ती वही त्यांच्यापैकी एकीच्या घरी ठेवा.

नाव, चेहरा आणि सुरक्षितता

काही प्रश्नांत ओळख उघडी पडणं म्हणजे माणसाचं नुकसान. कर्नाटकात मुलींना देवाला सोडण्याची प्रथा 1982 च्या कायद्यानं बंद झाली. तरी त्या प्रथेतून गेलेल्या बायका आणि त्यांची मुलं अजून आपल्यात आहेत, आणि गावाची जीभ काही कायद्यानं बांधली जात नाही. अशा कामात चेहरा, गाव, घराची खूण काहीही चित्रात येऊ देऊ नका. हात, वस्तू, आकृत्या यांतून सांगता येतं. फोटोसाठी प्रत्येक वेळी वेगळं विचारा. ‘एकदा हो म्हणाली होती’ हे पुढच्या वर्षी चालत नाही. ज्या बाईला शेवटच्या दिवशी आपला तुकडा काढून घ्यावासा वाटेल, तिला तो काढून द्या. तिला कारण विचारू नका.

प्रत्यक्ष शिवण

तुकड्याचं माप तयार झाल्यावर 1 फूट चौरस ठेवा. म्हणजे कापायचा 13 इंचांचा, चारही बाजूंनी अर्धा इंच शिलाईत जातो. सहा ओळींत आठ-आठ असे 48 तुकडे लावले की 6 फूट बाय 8 फुटांची वाकळ होते. दोघी जणी दोन टोकं धरून ती मोर्चात चालवू शकतात. याहून मोठी केली तर वाऱ्यात सावरत नाही.

कापड जुनं सुती घ्या. जुनं लुगडं सर्वांत उत्तम, ते मऊ असतं आणि सुई सहज जाते. टेरिकॉट, नायलॉन मिसळू नका, त्याच्या आकसण्यात फरक पडतो. गडद रंगाचं कापड आधी मिठाच्या पाण्यात भिजवून धुवा, तरीही रंग सोडत असेल तर ते बाजूला ठेवा, नाहीतर पहिल्या पावसात शेजारच्या तुकड्याचं वाटोळं होतं.

चित्र कापडावर खडूनं काढायचं आणि ज्या बाईचा तुकडा तिनंच काढायचं. ‘मला येत न्हाई’ हे वाक्य हमखास ऐकू येईल. तेव्हा तिच्या हातातला खडू घेऊन तुम्ही काढून देऊ नका. ती वस्तूच कापडावर ठेवायला सांगा आणि तिच्याभोवती रेघ मारायला सांगा. कात्री, पळी, बांगडी, तळहात, सगळं असं उतरतं. रेघ वाकडी आली तर येऊ द्या. वाकळ लांबून बघितली की त्याच रेघा जिवंत वाटतात. एकसारख्या सुबक रेघा बघून कुणीतरी छापून आणल्यासारखं वाटतं.

मग रंगीत कापडाचे आकार वर टाचायचे, तुकडे ओळीनं जोडायचे, मध्ये जुन्या साडीचा थर, खाली अस्तर, आणि सगळ्यातून धावदोरा. हा शेवटचा धावदोरा सगळ्यांनी एकत्र बसूनच घालावा. कडेला ज्या बसतील त्यांची जागा अधूनमधून बदला, म्हणजे प्रत्येकीची सुई दुसरीच्या तुकड्यातून जाते. कमी बोलणाऱ्या बायका बहुधा इथंच बोलायला लागतात.

अक्षरं हवीत का, हा वाद होणार. माझं मत, कमीत कमी. लिहायचं तर जिला जी लिपी येते तिनं तीत लिहावं. देवनागरी आणि कन्नड एकाच वाकळीवर शेजारी आली की गावात कुणाला ‘ही अमक्यांची’ असं म्हणायला वाव राहत नाही.

भिंतच करायची असेल तर

शहरात परवानगीशिवाय भिंत रंगवणं हा कर्नाटकच्या 1981 च्या कायद्यानं गुन्हा आहे. खासगी भिंतीला मालकाची लेखी संमती घ्या, सार्वजनिक भिंतीला महानगरपालिकेची, खेड्यात ग्रामपंचायतीची. पंचायतीत पीडीओंना, म्हणजे पंचायत विकास अधिकाऱ्यांना, भेटा. शाळेच्या भिंतीसाठी मुख्याध्यापक आणि एसडीएमसी (शाळेची विकास व देखरेख समिती) दोघांचंही पत्र लागतं. अर्ज कन्नडमध्ये लिहिला तर काम लवकर होतं, त्यासाठी गटातल्या कुणा कानडी मैत्रिणीला सोबत घ्या. अर्जाला रेखाचित्र जोडा आणि पोचपावती जपून ठेवा. रेखाचित्रात नसलेली घोषणा नंतर भिंतीवर चढवलीत, तर पुढच्या गटालाही परवानगी मिळणार नाही.

चुना मारलेल्या भिंतीवर थेट इमल्शन टिकत नाही, पापुद्रे सुटतात. आधी खरवडा, मग प्रायमर. खानापूरकडच्या चिऱ्याच्या भिंती पावसाचं पाणी फार दिवस धरून ठेवतात, म्हणून तिकडं डिसेंबरआधी हात लावू नका. 20 बाय 8 फुटांच्या भिंतीला रंगाचे दोन हात द्यायला साधारण तीन लिटर बाहेरच्या भिंतीचा रंग पायासाठी लागतो, चित्राचे रंग वेगळे. खालचे चार फूट मुलांसाठी आणि म्हाताऱ्या माणसांसाठी राखून ठेवा, परांची उरलेल्यांना.

पैसा आणि श्रेय

पदरमोड करून पहिलं काम होईल, दुसरं होणार नाही. म्हणून सुरुवातीलाच हिशेब उघडा मांडा. बुडालेली मजुरी द्यायची हा पहिला खर्च, कापड-दोरा दुसरा, तुमचं मानधन त्यानंतर. देणगी कुणाकडून घ्यायची नाही, हेही गटानं ठरवावं. ज्या ठेकेदाराविरुद्ध तक्रार आहे त्याच्याच भावाकडून मंडप घेतला तर लोक काय समजायचं ते समजतात.

कोपऱ्यात एकट्याची सही नको. सगळ्यांची नावं, ज्यांना हवी त्यांची, एकाच आकारात. तुमचंही त्यातच. वाकळ प्रदर्शनात गेली, कुणी विकत मागितली, फोटो छापायचा म्हटलं, तर कोण ठरवणार आणि पैसे कुणाचे, हे एका साध्या कागदावर आधीच लिहून सगळ्यांच्या सह्या-अंगठे घ्या. भारतीय कॉपीराइट कायद्यात संयुक्त कर्तृत्वाला मान्यता आहे, तेव्हा हा कागद नुसता शिष्टाचाराचा नाही.

लोकांपुढं मांडताना

बेळगावात टिळकवाडीतल्या वरेरकर नाट्य संघात चित्रकार के. बी. कुलकर्णींच्या नावाचं कलादालन आहे. तिथं मांडायची इच्छा होणं साहजिक आहे आणि जरूर मांडा, शहरातल्या माणसांनीही बघायला हवं. पण पहिला मान त्या गल्लीचा. तिथल्याच समाजमंदिरात किंवा शाळेच्या पटांगणात, सगळ्यांना काम सुटल्यावर येता येईल अशा वेळी मांडायची. पाहुणे बोलावण्याच्या नादात बायका मागच्या रांगेत जातात, म्हणून फीत कापायला बाहेरचं कुणी नको आणि बोलायला त्याच उभ्या राहतील.

त्याच दिवशी मागणीचा कागद तयार हवा, एका पानाचा. छाट कापताना मोजदाद समोर व्हावी, राहिलेल्या बायकांना विडी कामगाराचं ओळखपत्र मिळावं, मुलांच्या शिष्यवृत्तीचे अर्ज वेळेत भरून घ्यावेत, अशा दोन-तीनच गोष्टी, आणि त्या कुणी करायच्या त्या अधिकाऱ्याचं पद. निवेदन द्यायला जाताना वाकळ सोबत न्या आणि कचेरीत टेबलावर उलगडा. कागद फायलीत जातो. सहा फुटांची वाकळ साहेबांना बघावीच लागते. तारीख मागा, आणि त्या तारखेला वाकळ घेऊन परत जा.

नंतरची निगा

वाकळ कुणा एकीच्या कपाटात कायमची जाऊ देऊ नका. दर तीन महिन्यांनी घर बदला, घडी दरवेळी वेगळ्या ठिकाणी मोडा, नाहीतर त्याच रेषेवर कापड विरतं. कडुनिंबाचा पाला घालून सुती कापडात गुंडाळा, प्लॅस्टिकमध्ये नको. सुटलेला टाका ज्याला दिसेल त्यानं घालावा.

दुसऱ्या गावच्या संघटनेनं मागितली तर द्या, पण नुसती पाठवू नका. गटातल्या दोघी जणी सोबत जाव्यात, त्यांचं येण्याजाण्याचं भाडं आणि बुडालेली मजुरी मागणाऱ्यांनी द्यावी, आणि वाकळीतला कुठला तुकडा कशाचा आहे हे त्या दोघींनीच तिथं सांगावं. कुठं गेली, कोण सोबत होतं, परत कधी आली, हे त्याच वहीत लिहून ठेवा.